चोरून ऐकलेली गोष्ट कोणाची?

अंबरनाथचे शिवमंदिर कोणी बांधले, याची गावात निदान तीन उत्तरे मिळतात. पहिले पांडवांचे. वनवासात असताना त्यांनी एका रात्रीत देऊळ उभे केले, उजाडले म्हणून वरचे काम राहून गेले. गाभाऱ्यात उभे राहून मान वर केली की आकाश दिसते, हाच पुरावा. दुसरे उत्तर शाळेत थोडाफार इतिहास वाचलेल्यांचे: देऊळ हेमाडपंती आहे. तिसरे उत्तर उत्तरेच्या दारावरच्या दगडी पट्टीच्या आतल्या अंगाला कोरलेले आहे. शके ९८२, म्हणजे इ.स. १०६०, उत्तर कोकणच्या शिलाहारांपैकी मुम्मुणी राजाचा काळ, आणि त्याचा भाऊ छित्तराज याच्या नावाचे भवन.

हेमाद्री पंडित देवगिरीच्या यादवांचा मंत्री, तेराव्या शतकातला. म्हणजे त्याच्या आधी जवळजवळ दोनशे वर्षे हे देऊळ वालधुनीच्या काठी उभे होते. पांडवांचे तर बोलायलाच नको. तरीही शिलाहार मोजक्या जाणकारांना ठाऊक आणि पांडव व हेमाडपंत घरोघर. यात कोणी कोणाला फसवलेले नाही. लहान नावाचे काम मोठ्या नावाच्या खाती जमा होत जाते, एवढेच. आज कोणी आपला मजकूर स्वतःच्या नावावर खपवला की आपण चवताळून उठतो. मध्ययुगात हा व्यवहार बहुधा उलट्या दिशेने चाले: स्वतःची रचना माणसे थोरामोठ्यांच्या तोंडी घालत, आणि घातली की निश्चिंत होत.

मग कॉपीराइट नावाची गोष्ट जन्मण्याआधी दंतकथा कोणाच्या मालकीची होती? ‘कोणाच्याच नाही, सगळ्यांच्या,’ हे उत्तर आपण सवयीने देतो. मला ते पटत नाही. दंतकथांना धनी होते, त्यांच्यावर हक्क होते, चोरीची कल्पना होती आणि तंटे तर भरपूर होते. फक्त ज्याच्यावर हक्क सांगायचा ती गोष्ट शब्द नव्हती. आपण कथा कोणाकडून ऐकली आणि ती सांगायला कोणत्या जागी बसलो आहोत, यावर हक्क सांगितला जाई.

शिलाहारांपासूनच सुरुवात करू. त्यांच्या ताम्रपटांत राजाच्या नावामागे बिरुदांची रांग लागलेली असते. ‘तगरपुरपरमेश्वर’ हे एक. तगरपूर म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातले तेर. दुसरे, ‘जीमूतवाहनान्वय’, जीमूतवाहनाच्या वंशातला. हा जीमूतवाहन विद्याधरांचा राजपुत्र. गरुडाने सगळ्या नागांचा एकदम संहार करू नये म्हणून रोज एक नाग त्याच्याकडे पाठवायचा, असा करार झालेला असतो. शंखचूड नावाच्या नागाची पाळी येते, त्याची आई आक्रोश करत असते. जीमूतवाहन त्याच्या जागी जाऊन वध्यशिळेवर बसतो. गरुड त्याला फाडून खाऊ लागतो, पण हा भक्ष्य असूनही प्रसन्न दिसतो कसा, या विचाराने थबकतो. पुढे सत्य कळते, गरुड वरमतो, राजपुत्र पुन्हा जिवंत होतो. शिलाहारांनी ही कथा कुळाची कथा म्हणून घेतली, आणि गंमत अशी की त्यांच्या ध्वजावर सोन्याचा गरुड होता. पूर्वजाला ज्याने सोलून काढले त्यालाच निशाणावर बसवायला मन मोठे लागते.

कथा त्यांची नव्हती. चारेकशे वर्षे आधी कनौजच्या हर्ष राजाच्या नावावर ‘नागानंद’ हे नाटक होते, त्याच कथेवरचे. त्याच्या नांदीत वंदन आहे ते बुद्धाला. हर्षाच्या नाटकांचे कर्तृत्व हाही जुना वादाचा विषय. मम्मटाच्या ‘काव्यप्रकाशा’त हर्षाकडून धावक वगैरे कवींना धन मिळाल्याचा उल्लेख आहे आणि त्यावरून टीकाकारांनी राजाने नाटके विकत घेतल्याचा अर्थ काढला. तर अशी ही बौद्ध वळणाची कथा कोकणच्या शिवभक्त राजांनी उचलली. कोणाची परवानगी घेतली नाही, घ्यायची कोणाकडून हाही प्रश्नच होता. पण त्यांचा दावा नीट पाहा. ‘ही कथा आमच्या पदरच्या कवीने रचली’ असे ते म्हणत नाहीत. ‘या कथेतून आम्ही जन्मलो’ असे म्हणतात. लेखकाच्या हक्कापेक्षा वारसाचा हक्क त्यांना वजनदार वाटला, आणि ताम्रपटावर जमिनीचे दान लिहून देताना तो खरोखरच उपयोगी पडत होता.

याच दरबारात स्वतःचे नाव ठणकावून सांगणारा कवीही होता, हे विसरता कामा नये. सोड्ढल हे त्याचे नाव. मूळचा लाट देशाचा, म्हणजे दक्षिण गुजरातचा, कायस्थ. छित्तराज, नागार्जुन आणि मुम्मुणी या तिघा भावांचा आश्रय त्याला लाभला. ‘उदयसुंदरीकथा’ या आपल्या चंपूत त्याने स्वतःचे कूळ सांगितले, आश्रयदात्यांची नावे सांगितली, बाणभट्टासारख्या जुन्या कवींना मानाचा मुजरा केला. मध्ययुगात लेखकाला ‘मी’ नव्हताच, असे सरसकट विधान अधूनमधून वाचायला मिळते, त्याला सोड्ढल हे रोखठोक उत्तर आहे. काव्य करणारा आपले नाव सांगे. कथा सांगणाराने मात्र वेगळी माहिती द्यायची असे: ऐकली कोणाकडून.

अंबरनाथचे देऊळ पुरे होत होते त्याच सुमारास, १०६३ ते १०८१ च्या दरम्यान, काश्मीरमध्ये सोमदेव राणी सूर्यमतीसाठी ‘कथासरित्सागर’ लिहीत होता. जीमूतवाहनाची कथा त्यात दोनदा येते. एकदा स्वतंत्र आणि एकदा वेताळाच्या तोंडून. सोमदेव आपल्याकडे काहीच श्रेय घेत नाही. मूळ ग्रंथ गुणाढ्याची ‘बृहत्कथा’, आपण ती फक्त आटोपशीर केली, जसे मूळ तसेच हे, असे तो बजावतो. गुणाढ्य म्हणजे पैठणच्या सातवाहन राजाच्या पदरचा पंडित. पैशाची भाषेत त्याने ही कथा लिहिली अशी परंपरा. मात्र गुणाढ्यही मूळ लेखक नाही. मग मूळ कोण? याचे उत्तर देणारी जी कथा ग्रंथाच्या सुरुवातीला आहे, ती या सगळ्या विषयाचा गाभा आहे असे मला वाटते.

पार्वती शंकराकडे हट्ट धरते: आजवर कोणी ऐकली नाही अशी कथा सांगा. शंकर नंदीला दाराशी बसवतात, कोणाला आत सोडू नको म्हणतात, आणि विद्याधरांच्या कथा सांगू लागतात. पुष्पदंत नावाचा गण योगबळाने अदृश्य होऊन आत शिरतो आणि सगळे ऐकतो. घरी जाऊन बायकोला, जयेला, सांगतो. जया पार्वतीची दासी. ती तीच कथा पार्वतीला ऐकवते. पार्वती संतापते: नवी म्हणून सांगितलीत आणि ही तर दासीलाही ठाऊक! चौकशी होते, पुष्पदंत सापडतो, त्याला मर्त्यलोकात जन्म घेण्याचा शाप मिळतो. माल्यवान नावाचा दुसरा गण त्याची रदबदली करायला जातो, त्यालाही तोच शाप. हाच माल्यवान पुढे गुणाढ्य झाला.

आता शिक्षा कशी आहे ते बघा. पुष्पदंताने ती कथा काणभूती नावाच्या पिशाच्चाला सांगायची, तेव्हा त्याची सुटका. काणभूतीने ती माल्यवानाला सांगायची, तेव्हा पिशाच्च मोकळे. माल्यवानाने ती जगभर पसरवायची, तेव्हा तो मुक्त. चोरीबद्दल दंड म्हणून चोरलेला माल वाटत सुटायचे! आजच्या कुठल्याही न्यायालयाला हा निकाल सुचणार नाही. गुन्हा कथा ऐकण्याचा नव्हता, परवानगीशिवाय आत शिरण्याचा होता. आणि एकदा कानावर पडलेली कथा अडवून ठेवणे हे शापात अडकून राहण्यासारखे मानले गेले. गुणाढ्याने पुढे राजाने झिडकारले म्हणून सात लाख श्लोकांपैकी सहा लाख जाळले, तेही एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवत. जाळतानाही श्रोता लागत होता.

शंकर सांगत असताना कोणीतरी चोरून ऐकणे हा प्रकार अंबरनाथकरांच्या अगदी समोर, मलंगगडावर, पुन्हा भेटतो. नाथपंथाची कथा अशी की क्षीरसागराच्या काठी शंकर पार्वतीला योगाचे गुह्य सांगत होते आणि माशाच्या पोटातून मच्छिंद्रनाथांनी ते ऐकले. मच्छिंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती आणि मग आपण, अशी साखळी ज्ञानदेवांनी ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात दिली आहे. म्हणजे १२९० साली मराठीचा जो सर्वांत थोर ग्रंथ पुरा झाला, त्याच्या हक्काची साखळीसुद्धा एका चोरून ऐकलेल्या संवादापर्यंत जाऊन पोचते, आणि ज्ञानदेव ती लपवत नाहीत, अभिमानाने सांगतात.

मलंगगडावरच्या कथेला मात्र एक साखळी नाही, दोन आहेत. एका परंपरेनुसार तिथे मच्छिंद्रनाथांची समाधी आहे आणि माघी पौर्णिमेला तिथे यात्रा भरते. दुसऱ्या परंपरेनुसार अरबस्तानातून आलेले हाजी अब्दुल रहमान, म्हणजेच हाजी मलंग, नल राजाच्या काळी या डोंगरावर राहिले. राजाने परीक्षा पाहण्यासाठी आपली मुलगी पाठवली, त्यांनी तिला लेक मानले. शेजारी त्या मुलीचीही कबर दाखवतात. या जागेची वहिवाट कल्याणच्या केतकर घराण्याकडे आली ती पेशवाईत. १८१७ साली वहिवाटीवरून वाद झाला तेव्हा चिठ्ठ्या टाकल्या गेल्या आणि तिन्ही वेळा कौल केतकरांच्या बाजूने पडला, अशी हकिगत जुन्या ठाणे गॅझेटियरमध्ये आहे. कोर्टकचेऱ्या पुढेही चालल्याच. दर्ग्यालगतच्या एका जमिनीचा खटला १९६८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला. ज्याच्या ताब्यात महत्त्वाचे कागद आहेत त्याने ते दडवले तर न्यायालय त्याच्याविरुद्ध अनुमान काढू शकते, हे तत्त्व शिकवताना पुराव्याच्या कायद्याचे प्राध्यापक अजून तो सांगतात. न्यायालयासमोर प्रश्न होता जमिनीचा, आणि तेवढ्याचेच उत्तर मिळाले. समाधी की मजार, नाथ की पीर, यावरची भांडणे अलीकडे वाढली आहेत. दोन्ही कथा जुन्या काळी एकाच डोंगरावर, एकाच वाटेने चढत होत्या. मला त्या दोन्ही ऐकायला आवडतात, आणि एक खरी ठरवण्यासाठी दुसरी पुसावी लागते हे काही केल्या पटत नाही.

मराठी संतांकडे वळलो की हक्काचा हा हिशेब आणखी बारकाईने दिसतो. अभंगाच्या शेवटी नाव येते: नामा म्हणे, जनी म्हणे, तुका म्हणे. आजच्या भाषेत ही सही. पण या सहीने मजकूर बंद होत नसे, उलट दार उघडे राही. नामदेवांनंतर दोनेकशे वर्षांनी विष्णुदास नामा झाले, एकनाथांच्या काळातले. त्यांचे अभंग नामदेवांच्या गाथेत असे मिसळले की अभ्यासकांना ते वेगळे करताना घाम फुटला. ‘नामा’ ही सही एका माणसाची राहिली नव्हती, ती एका सुराची झाली होती. त्या सुरात जो गाईल त्याने ती करावी.

याचा अर्थ वाटेल ते चालत असे, असा नाही. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीच्या प्रती जमवून पाठ शुद्ध केला. तोवर लेखकूंनी आणि भाविकांनी आपापल्या ओव्या त्यात घुसवल्या होत्या. शेवटी नाथांनी जी ताकीद दिली तिचा आशय असा की, यात जो आपली ओवी घालील त्याने अमृताच्या ताटात करवंटी ठेवली असे समजावे. मला ही ताकीद महत्त्वाची वाटते, कारण तिच्यात चोरीची तक्रार नाही. ज्ञानदेवांचे काही हरवते अशी नाथांची भीती नव्हतीच. भीती होती ती भेसळीची. आपल्या कायद्याला लेखकाचे नुकसान समजते. वाचकाच्या ताटाचे नुकसान हा नाथांचा मुद्दा त्याच्या फारसा हिशेबात नाही.

महानुभावांनी तर याही पुढची खबरदारी घेतली. चक्रधरस्वामींच्या लीळा गोळा करताना म्हाइंभट प्रत्यक्ष पाहणाऱ्या-ऐकणाऱ्या माणसांकडे गेले आणि नागदेवाचार्यांकडून एकेक लीळा तपासून घेतली. कोणती गोष्ट कोणाकडून आली याची इतकी चोख नोंद आजच्या वर्तमानपत्रांतही सापडायची नाही. पुढे पंथाने आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत कुलूपबंद केले. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासकार राजवाड्यांनी ती लिपी उलगडली. मजकुरावर ताबा हवा असेल तर कायदा लागतोच असे नाही, अक्षरे बदलली तरी भागते.

आणि मग सालोमालो. देहूचा हा कीर्तनकार तुकोबांचे अभंग स्वतःच्या नावाने म्हणतो, अशी परंपरा आहे, आणि तुकोबांनी अभंगांतून त्याचा समाचारही घेतला. १९३६ च्या प्रभातच्या ‘संत तुकाराम’ने त्याला खलनायक करून अजरामर केले. मध्ययुगीन मराठीत वाङ्मयचौर्याचा एवढा ठसठशीत आरोप दुसरा आठवत नाही. पण आरोपाचे स्वरूप बघा. सालोमालोने अभंग गायले यात पाप नव्हते, गावेत म्हणून तर ते होते. ‘तुका म्हणे’च्या जागी त्याने आपले नाव घातले, म्हणजे साखळी मधेच तोडून मूळ आपणच आहोत असे भासवले. नामदेवाच्या नावाने स्वतःची रचना करणारा विष्णुदास नामा संत, आणि दुसऱ्याच्या रचनेला स्वतःचे नाव लावणारा सालोमालो लबाड. नाव वर द्यायला मुभा, खाली ओढायला मनाई.

अठराव्या-एकोणिसाव्या शतकांतल्या चरित्रकारांनी हा शिरस्ता पाळला. ताहराबादच्या महिपतींनी १७६२ मध्ये ‘भक्तविजय’ लिहिला. त्यात ते पदरचे काही सांगत नाही म्हणून स्पष्ट करतात आणि नाभाजी व उद्धवचिद्घन यांचे आधार नावानिशी देतात. मलंगगडाच्या कथांना ज्याने घरोघर पोचवले तो ‘नवनाथ भक्तिसार’ शके १७४१, म्हणजे १८१९ चा. धुंडीसुत मालू त्याचा कर्ता, आणि तोही गोरक्षांच्या एका ग्रंथाचा हवाला देतो. इंग्लंडात ११३६ च्या सुमारास मॉनमथच्या जेफ्रीने आर्थर राजाच्या कथांना जे रूप दिले तेव्हा त्यानेही हेच केले: ऑक्सफर्डच्या वॉल्टर या धर्माधिकाऱ्याकडून मिळालेल्या एका अतिप्राचीन पुस्तकाचा हा केवळ अनुवाद, असे तो म्हणाला. ते पुस्तक कोणाच्याच हाती लागले नाही. दोन खंडांतल्या दोन भाषांत माणसे एकच थाप मारत असतील, तर तिला थाप न म्हणता त्या काळचा शिष्टाचार म्हणावे हे बरे.

अंबरनाथशेजारच्या उल्हासनगरचा या विषयाशी संबंध काय, असे वाटू शकेल. तिथे मध्ययुग कुठले? कल्याणच्या लष्करी छावण्यांत फाळणीनंतर सिंधी निर्वासित आले आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारींच्या हस्ते छावणीचे नगर झाले. पुढे जीन्सपासून बिस्किटांपर्यंत सगळे इथे बनू लागले आणि ‘मेड इन यूएसए’ म्हणजे ‘उल्हासनगर सिंधी असोसिएशन’ हा विनोद लोकलच्या डब्यांत रुजला. नकलेबद्दल ज्याची थट्टा होते त्या गावाने सोबत आणलेला ऐवज मात्र असा होता की त्याची मूळ प्रत कुठेच नव्हती.

झुलेलालांची कथा घ्या. दहाव्या शतकातले ठट्टा, मिरखशाह राजाचा हिंदूंना धर्म बदलण्याचा हुकूम, सिंधूच्या काठी चाळीस दिवसांचा धावा आणि नसरपूरला उडेरोलालांचा, म्हणजेच झुलेलालांचा, जन्म. उल्हासनगरात चालिहोचे चाळीस दिवसांचे व्रत आजही घरोघर चालते. सिंधमध्ये याच उडेरोलालांना मुसलमान शेख ताहिर म्हणून मानतात आणि तिथे दोन्ही समाजांचे एकच स्थान आहे. मलंगगडाकडे पाहत वाढलेल्या माणसाला यात काही नवल वाटू नये. फाळणीनंतर विखुरलेल्या समाजाला एक दैवत हवे होते, आणि लेखक-गायक राम पंजवाणी यांनी मटक्यावर ताल धरत गावोगाव ही कथा गाऊन झुलेलालांना सिंधी ओळखीच्या केंद्रस्थानी आणले. म्हणजे हजार वर्षांपूर्वीच्या म्हणवल्या जाणाऱ्या कथेचे आजचे रूप बरेचसे विसाव्या शतकातल्या एका माणसाच्या कष्टाचे आहे. त्याने हक्क राखून ठेवल्याचे कोणी ऐकले नाही. शाह अब्दुल लतीफ यांच्या ‘शाह जो रिसालो’तल्या ससुई, मारुई, मूमल यांच्या कथाही अशाच. शाह कथा पहिल्यापासून सांगतच नाहीत, मधूनच सुरू करतात, कारण ऐकणाऱ्याला ती पाठ असणार हे गृहीतच. त्यांतली सोरठ मुळात जुनागडची, मूमल राजस्थानचीही, सोहनी पंजाबची. ‘कोणाची’ या प्रश्नाला प्रत्येक प्रांत हात वर करतो.

बदलापूरची दंतकथा यांच्यापुढे अगदी छोटी: शिवाजी महाराजांच्या फौजेने इथे घोडे बदलले. तिला कर्ता नाही, पोथी नाही, सांगायला एक वाक्य पुरते. कल्याणच्या सुभेदाराच्या सुनेची गोष्ट तिची थोरली बहीण. समकालीन कागदांत तिला आधार नाही असे इतिहासकार सांगतात, पण त्यातले संवाद मात्र सगळ्यांना येतात. ते संवाद नाटककारांचे, सिनेमावाल्यांचे, पाठ्यपुस्तकांचे.

आणि कायदा नेमका इथेच आत शिरतो. इंग्लंडात अ‍ॅन राणीचा कायदा १७१० चा, हिंदुस्थानात कंपनी सरकारचा १८४७ चा. पोथ्या छापू लागल्यावर वाद होणारच होता, आणि त्यातला एक ठळक वाद आपल्याच परिसरातल्या माणसाचा निघावा हा योग छान आहे. गंगाविष्णु श्रीकृष्णदास, ज्यांच्या लक्ष्मीवेंकटेश्वर छापखान्याच्या पोथ्यांवर ‘कल्याण’ हे नाव झळकले, यांनी १८८४ मध्ये ‘व्रतराज’ छापला. हा अठराव्या शतकातला विश्वनाथ पंडिताचा ग्रंथ, व्रते आणि त्यांच्या कथांचा. गंगाविष्णूंनी पंडित बसवून मजकुराची नवी जुळणी केली, इतर जुन्या ग्रंथांतले उतारे घातले, तळटीपा दिल्या. पाठोपाठ मोरेश्वर बापूजी हेगिष्टे यांची आवृत्ती आली: तोच मजकूर, तेच वाढीव उतारे, त्याच जागी त्याच टीपा. प्रतिवादी म्हणणार, ग्रंथ जुना, त्यावर हक्क कसला? १८८९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सांगितले की मूळ ग्रंथ कोणीही छापावा, पण नव्या जुळणीत आणि टीपांत जे श्रम गेले ते ज्याचे त्याचे. सोमदेवाने जे काम करून ‘माझे काही नाही’ म्हटले, नेमके त्याच कामाला कायद्याने मालमत्ता ठरवले.

पुढे १९७८ च्या आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कल्पना, विषय, कथासूत्र आणि ऐतिहासिक किंवा दंतकथेतल्या गोष्टी यांवर कॉपीराइट नसतो, तो मांडणीवर असतो, असे निःसंदिग्ध सांगितले. १९५७ च्या आपल्या कायद्यात लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षे हक्क चालतो. पांडवांच्या एका रात्रीला मोजायला मृत्यूचे सालच नाही. तुम्ही अंबरनाथच्या देवळावर चित्रकथा काढलीत तर चित्रे तुमची, रात्र तुमची नाही. श्रावणातल्या कहाण्यांच्या दहा-वीस रुपयांच्या पुस्तिकांवर ‘सर्व हक्क स्वाधीन’ असे छापलेले असते तेव्हा त्यात स्वाधीन होण्यासारखे नेमके काय, हे प्रकाशकाला विचारून पाहावे. बहुतेक वेळा मुखपृष्ठ.

जुन्या व्यवस्थेत सांगणाऱ्याचे पोट कसे चाले, हा प्रश्न या सगळ्यात बाजूला पडतो. गोंधळी, वासुदेव, भाट, पिंगुळीचे चित्रकथी यांचा हक्क कथेवर नव्हता, यजमानांवर होता. अमक्या घरच्या लग्नाचा गोंधळ अमक्या घराण्याने घालायचा. ती वृत्ती बापाकडून मुलाकडे जायची. पिंगुळीच्या ठाकरांकडे चित्रांच्या पोथ्या तशाच वारशाने आल्या. यजमान शहरात गेले, वृत्ती बुडाली, कथा तेवढी मोकळी राहिली. कायद्यात या माणसाला जागा मिळायला १९९४ साल उजाडले. त्या वर्षीच्या दुरुस्तीने सादर करणाऱ्या कलावंताला स्वतःच्या सादरीकरणावर हक्क दिला, आधी २५ वर्षांचा, १९९९ पासून ५० वर्षांचा. कथा कोणाचीही असो, गोंधळ्याचा आवाज आणि त्याचे त्या रात्रीचे सांगणे त्याचे. त्याला न विचारता ते ध्वनिमुद्रित करून बाजारात आणता येत नाही.

हे आपल्याकडच्या किती गोंधळ्यांना ठाऊक असेल? बदलापूर-अंबरनाथच्या नव्या इमारतींतही जागरण-गोंधळ होतात, संबळ वाजते, आणि जमलेल्यांपैकी निम्मे मोबाइल धरून उभे असतात. दुसऱ्या दिवशी तोच आख्यानाचा तुकडा कुठल्यातरी चॅनेलवर दिसतो, कोपऱ्यात चॅनेलचे चिन्ह, खाली जाहिरात, सांगणाऱ्याचे नाव कुठेच नाही. सालोमालोने निदान अभंग पाठ तरी केले होते.